सिक्लोच्या पुढच्या सीटवरून

व्हिएतनामला जाऊन आले असं सांगितलं, की आपल्याकडच्या बायका पहिला प्रश्न विचारतात, "तिकडे खायचं काय गं?" आणि पुरुष विचारतात, "तिथं ते मोठं युद्ध झालं होतं ना?" दोन्ही प्रश्न अगदी बरोबर आहेत. आणि गंमत म्हणजे दोन्हींची उत्तरं एकाच गावात मिळतात. त्या गावाचं नाव ह्वे. इंग्रजीत एच, यू, ई अशी तीनच अक्षरं लिहितात. पाहून आपण 'हुए' म्हणून मोकळे होतो. पण गावची माणसं म्हणतात 'ह्वे'.

हनोई राजधानी म्हणून माहीत असते, सायगाव सिनेमांमुळे. ह्वे या दोघांच्या मधे, देशाच्या बारीक कमरेपाशी आहे. १८०२ ते १९४५ अशी जवळजवळ दीडशे वर्षं व्हिएतनामची राजधानी इथं होती. न्गुयेन घराण्याचे तेरा राजे इथं होऊन गेले. गावाच्या मधून ह्युआंग नावाची नदी वाहते. तिच्या नावाचा अर्थच सुगंधी. नदीच्या एका काठाला जुना कोट, दुसऱ्या काठाला फ्रेंचांनी वसवलेलं शहर, हॉटेलं, शाळा. गाव असं सपाट आणि आटोपशीर आहे, की पायी पाहता येतं. आणि पाय थकले तर सिक्लो आहे.

मैत्रिणींनो, सिक्लो म्हणजे तिथली सायकलरिक्षा. पण आपल्यासारखी नाही. नागपूरकडच्या ज्यांनी लहानपणी सायकलरिक्षातून शाळा गाठली आहे, त्यांच्या डोळ्यांसमोर रिक्षावाल्याची पाठ असेल. घामानं भिजलेला सदरा, चढावर उभं राहून मारलेलं पायडल. सिक्लोत सगळं उलटं. दोन चाकं पुढे, त्यांच्यामध्ये खुर्चीसारखी सीट, वर छत, आणि चालवणारा मागे उंच सीटवर. म्हणजे आपण सगळ्यात पुढे, जणू गाडीचा बंपरच! समोर काही नाही. मोपेडी, ट्रक, केळ्यांची टोपली घेऊन निघालेली बाई, सगळं थेट अंगावर येतं आणि शेवटच्या क्षणी बाजूला होतं. सिक्लोची ही रचना फ्रेंच अमदानीत, १९३० च्या दशकाच्या अखेरीस आली. त्याआधी तिथंही माणूस हातानंच रिक्षा ओढायचा.

आम्ही दोघी गेलो होतो, मी आणि माझ्या थोरल्या जाऊबाई. २०२५ चा मार्च महिना. वहिनी चौसष्ट वर्षांच्या, गुडघे दुखरे. भाऊजींना जाऊन तीन वर्षं झालेली. कोट फिरायचा तर सिक्लो लागणारच होती. पण हॉटेलच्या दारात सिक्लो पाहिली आणि वहिनी अडूनच बसल्या. "माणसानं माणसाला ओढायचं आणि आपण महाराणीसारखं बसायचं? मी नाही बाई." सिक्लोवाला साठीच्या आसपासचा, काटक, डोक्यावर जुनी हॅट. त्याला शब्द कळले नाहीत, पण मान कळली. त्यानं मोबाईल काढला, त्यात काहीतरी बोलला आणि पडदा आमच्यासमोर धरला. भाषांतर असं होतं, "बाई चालतील तर मी रिकामा घरी जाईन."

वहिनींनी ते दोनदा वाचलं. मग म्हणाल्या, "पुलाच्या चढावर मी उतरणार, हे त्याला सांग. आणि दुपारी त्यानं आपल्याबरोबर जेवायचं." त्यानं दोन्ही मान्य केलं, वर आपल्या मित्राची आणखी एक सिक्लो बोलावली. कारण सीट तशी एकीचीच. दोघी बसतात काही जणी, पण मग चालवणाऱ्याचे हाल. भाव तासाला दीड लाख डोंग ठरला. घाबरू नका! एका रुपयाला जवळपास तीनशे डोंग येतात, म्हणजे आपले पाचशे रुपये. आकडा कागदावर लिहून दोघांनी मान डोलावली, की मग भानगड नाही.

नावं विचारायच्या आधी त्यानं आमची वयं विचारली. आपल्याला जरा विचित्र वाटतं, पण व्हिएतनामी भाषेत त्याशिवाय बोलताच येत नाही. आपण 'तू' आणि 'तुम्ही' यांवर भागवतो. तिथं समोरच्याला नात्यानंच हाक मारावी लागते. आपल्यापेक्षा थोडा मोठा असेल तर दादा, वडिलांपेक्षा लहान असेल तर काका, मोठा असेल तर 'बाक', म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ किंवा बहीण. एवढंच नाही, 'मी' म्हणतानाही 'तुझा काका सांगतो', 'तुझी ताई म्हणते' असंच म्हणायचं. आणि ह्वेची खास बोली म्हणजे बाजारातल्या बाईला 'ओ' म्हणायचं. 'ओ' म्हणजे आत्या. आपण नवऱ्याला 'अहो' म्हणतो, हे तिथं सांगितलं असतं तर केवढा गोंधळ झाला असता! आम्ही सिक्लोवाल्याला 'चू' म्हणजे काका म्हणायचं ठरवलं. तेव्हा पुढे त्यांना काकाच म्हणते.

लग्नात मिळालेलं गाव

या गावाची पहिली गोष्ट एका मुलीची आहे. सातशे वर्षांपूर्वी हा मुलूख व्हिएतनामी नव्हताच. इथं चंपा नावाचं राज्य होतं. नावावरूनच कळेल, आपल्याकडच्या व्यापाऱ्यांबरोबर, ब्राह्मणांबरोबर संस्कृत आणि शिवपूजा तिकडे गेली होती. चंपाच्या राजांची नावं जयसिंहवर्मन अशी. दा नांगजवळच्या मी सनला त्यांची विटांची शिवमंदिरं आजही आहेत.

उत्तरेत त्रान घराण्याचं व्हिएतनामी राज्य. तिथली राजकन्या हुयेन त्रान. १३०६ मध्ये तिचं लग्न चंपाच्या राजाशी लावलं. आपल्याकडे हुंडा मुलीकडचे देतात. इथं उलटं झालं. नवऱ्यामुलानं दोन परगणे सासऱ्याकडच्यांना दिले. त्यांचं नाव पुढे थुआन आणि होआ असं पडलं. या 'होआ'वरूनच 'ह्वे' झालं, असं मानतात. म्हणजे हे सगळं गाव एका मुलीच्या लग्नात मिळालेलं.

लग्नाला वर्ष होतं न होतं तोच, १३०७ मध्ये राजा वारला. चंपाच्या रिवाजाप्रमाणे राणीला चितेवर जावं लागेल, या भीतीनं माहेरच्यांनी माणसं पाठवून तिला समुद्रमार्गे परत नेलं, अशी जुन्या बखरींत नोंद आहे. पुढे ती भिक्षुणी झाली. मुलगी परत आली, जमीन मात्र परत गेली नाही. ह्वेच्या बाहेर टेकडीवर तिचं देऊळ बांधलंय. व्हिएतनामी बायका तिथं उदबत्त्या लावतात.

हे मी हॉटेलात वहिनींना वाचून दाखवलं. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "आपल्यासारखीच रीत पोचली होती म्हणायची तिथवर. चांगलं तेवढंच न्यायचं ना माणसांनी."

कोटाच्या आत

सकाळी त्रुआंग तिएन पूल ओलांडला. १८९९ मध्ये पुरा झालेला हा लोखंडी पूल, सहा कमानींचा, चारशे मीटर लांब. १९४६ मध्ये आणि पुन्हा १९६८ मध्ये युद्धात तो मोडला, पुन्हा उभा केला. चढाला वहिनी ठरल्याप्रमाणे उतरल्या. काका सिक्लो ढकलत बाजूनं चालले. शाळेच्या मुलींचा घोळका पांढऱ्या आओ झायमध्ये सायकली मारत गेला. आओ झाय म्हणजे गळाबंद, दोन्ही बाजूंनी कमरेपर्यंत चिरलेला लांब कुडता आणि खाली सैल विजार. वहिनी लगेच म्हणाल्या, "पंजाबी ड्रेसच की गं!" तसाच, फक्त ओढणी नाही. या पोशाखाची सुरुवात इथंच झाली. १७४४ मध्ये इथल्या सरदारानं आपल्या मुलखातल्या लोकांसाठी वेगळा पेहराव ठरवला, त्यातून तो घडत गेला.

पुढे कोट लागला. बाहेरच्या तटाचा घेर दहा किलोमीटर. जिया लाँग या पहिल्या राजानं १८०५ च्या सुमारास काम सुरू केलं आणि त्याच्या मुलानं, मिन्ह मांगनं, १८३२ मध्ये पुरं केलं. तटाची आखणी फ्रेंच किल्ल्यांसारखी कोनाकोनांची, आतली मांडणी मात्र चिनी राजवाड्यांसारखी. एका कोटात दुसरा कोट, त्याच्या आत तिसरा. सगळ्यात आतला राजाचा खासगी. त्याचं नाव निषिद्ध जांभळी नगरी.

तिकीट दोन लाख डोंग. मुख्य दरवाजा न्गो मोन, १८३३ मधला. पाच वाटा. मधली फक्त राजाची, तिच्या दोन्ही अंगांच्या दोन दरबाऱ्यांच्या, कडेच्या दोन शिपाई, हत्ती, घोडे यांच्या. याच दरवाजाच्या माडीवर ३० ऑगस्ट १९४५ ला शेवटचा राजा बाओ दाय यानं गादी सोडल्याचं जाहीर केलं. आता मधल्या वाटेनं कुणालाच जाऊ देत नाहीत. आम्ही दरबाऱ्यांच्या वाटेनं गेलो.

आत थाय होआ महाल आहे, सिंहासनाचा. दुरुस्तीसाठी तो काही वर्षं बंद होता आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये पुन्हा उघडला. लाल लाखेचे खांब, त्यांवर सोनेरी ड्रॅगन, सगळं नवं कोरं लखलखीत. पण मला जास्त आवडले ते नऊ कलश. देवळासमोर ओळीनं मांडलेले काशाचे नऊ प्रचंड कलश, १८३५ ते १८३७ मध्ये ओतलेले. सर्वांत जड कलश अडीच टनांच्या वर. त्यांवर राजाचे पराक्रम असतील असं वाटलं होतं. पण जवळ जाऊन पाहिलं तर देशातल्या नद्या, डोंगर, होड्या, पक्षी, आणि चक्क फणस, आंबा, आलं, लसूण, कांदा! ज्या राजाला मोजून १४२ मुलं होती, त्याच्या राज्याच्या महावस्तूवर स्वयंपाकघरातलं आलं-लसूण. २०२४ मध्ये युनेस्कोनं हे कलश आशिया-पॅसिफिकच्या 'जागतिक स्मृती' यादीत घेतले. कोट आणि राजांच्या समाध्या तर १९९३ पासूनच जागतिक वारसा आहेत.

सासूबाईंचा महाल

राजवाडा पाहताना बायका कुठे राहायच्या, हे आपण विचारतोच. इथं पश्चिमेच्या बाजूला दिएन थो नावाचा मोठा वाडा आहे. जिया लाँगनं १८०४ मध्ये तो आईसाठी बांधला आणि तेव्हापासून राजमाता तिथं राहिल्या. पाण्यावरचा मंडप, लांब पडवी, बाग. राजाची आई म्हणजे मान मोठा.

इथल्या सर्वांत नावाजलेल्या राजमाता तू दू. त्यांचा मुलगा तू डुक, १८४७ ते १८८३ अशी सर्वांत जास्त वर्षं गादीवर बसलेला राजा. त्याची एक गोष्ट सांगतात. शिकारीला गेला आणि पुरात अडकला. वडिलांचं श्राद्ध दोन दिवसांवर आलेलं. आई काळजीत. परत आला तो तसाच भिजलेला आईसमोर गेला, छडी तिच्यापुढे ठेवली आणि पालथा पडून शिक्षेची वाट पाहत राहिला. आई पाठ फिरवून बसली होती. खूप वेळानं तिनं हातानं छडी बाजूला सारली. आईनं सांगितलेल्या शहाणपणाच्या गोष्टी हा राजा लिहून ठेवायचा, त्याचं पुस्तकच आहे. आज हो ची मिन्ह सिटीतलं प्रसिद्ध प्रसूती रुग्णालय तू दूंच्याच नावाचं आहे.

पण याच राजाच्या शंभराहून जास्त बायका होत्या आणि मूल एकही झालं नाही. गावापासून सहा-सात किलोमीटरवर त्याची समाधी आहे. तिथं सिक्लो नेणं म्हणजे छळ, आम्ही गाडी केली. समाधी कसली, तळं, मंडप, नाटकघर, पाइनची झाडं असलेलं सुंदर उपवन. १८६४ ते १८६७ अशा तीन वर्षांत बांधलं. मजुरांना इतकं राबवलं, की १८६६ मध्ये त्यांनी बंडच केलं. आपल्या थडग्यावरचा लेखही राजानं स्वतःच लिहिला, कारण लिहायला मुलगा नव्हता. राजा गेल्यावर त्याच्या विधवा राण्यांना त्या उपवनातच ठेवलं. जिवंत असेपर्यंत त्यांनी त्याची पूजा करायची.

तिथल्या एका पायरीवर वहिनी गुडघा चोळत बसल्या होत्या. म्हणाल्या, "जागा छानच आहे. पण बाहेर जायची सोय हवी ना." घरातून निघताना एका नातेवाईक बाईंनी त्यांना विचारलं होतं, "आता कशाला गं एवढ्या लांब?" त्याचं उत्तर त्यांनी बहुधा तिथं दिलं.

राजघराण्यातल्या बायकांचा शेवटही सांगायला हवा. न्गुयेन राजे हयात असताना राणीला सम्राज्ञीची पदवी सहसा देत नसत. बाओ दायनं १९३४ मध्ये लग्न होताच ती नाम फुआंगला दिली. ती पुढे मुलांना घेऊन फ्रान्सला गेली आणि १९६३ मध्ये तिथंच वारली. राजाही परदेशात राहिला. पण त्याची आई, तू कुंग, ह्वे सोडून गेली नाही. राज्य गेलं, युद्ध आलं, सत्ता बदलली. ती १९८० मध्ये वारली, ती याच गावात.

तटावरचं घर

राजवाड्यात फिरताना मधेच मोकळं मैदान लागतं. गवत, चौथरे, खांबांच्या बैठकी. इथं महाल होते. काही १९४७ मध्ये फ्रेंचांबरोबरच्या लढाईत जळाले. उरलेले १९६८ मध्ये गेले. त्या वर्षी ३१ जानेवारीला, त्यांच्या नववर्षाच्या सणात, म्हणजे 'तेत'मध्ये, उत्तरेच्या फौजा गावात शिरल्या. जवळजवळ महिनाभर घराघरांतून लढाई चालली. अमेरिकेचे बॉम्ब आणि तोफा, उत्तरेकडच्यांनी पकडून नेऊन मारलेले लोक, यात हजारो साधी माणसं गेली. दीडशेच्या आसपास इमारतींपैकी बोटांवर मोजण्याइतक्याच धड राहिल्या. 'सुगंधी नदीच्या अकरा मुली' म्हणून एक तुकडी त्या लढाईत लढली. विशीच्या आतबाहेरच्या पोरी.

काकांनी आम्हाला कोटाच्या आतल्या गल्ल्यांतून फिरवलं. पर्यटक बसनं येतात आणि राजवाडा पाहून जातात, पण बाहेरच्या कोटाच्या आत खरं गाव आहे. शाळा, दवाखाने, कमळांची तळी, दारात तुळशीवृंदावनासारखं छोटं देवघर. एका जागी त्यांनी सिक्लो थांबवली आणि तटाकडे बोट दाखवलं. वर फक्त गवत. मोबाईलमध्ये बोलले, "माझं घर तिथं होतं."

युद्धात आणि युद्धानंतर बेघर झालेल्यांनी तटावरच, बुरुजांवरच झोपड्या घातल्या होत्या. दोन-तीन पिढ्या तिथं वाढल्या. जागतिक वारसा जपायचा म्हणून २०१९ पासून चार हजारांवर कुटुंबं तिथून हलवून गावाच्या उत्तरेला नव्या वस्तीत नेली. काकांचंही घर त्यात गेलं. वाईट झालं का, असं मी विचारलं. त्यांनी बराच विचार केला. उत्तर आलं, "नवं घर पक्कं. छप्पर गळत नाही. बायको खूश. पण माझी गिऱ्हाईकं इथं आहेत. रोज आधी रिकामी सिक्लो इथवर आणायची."

सिक्लोवालेही आता कमी होत चाललेत. हनोईत, हो ची मिन्ह सिटीत अनेक रस्त्यांवर सिक्लोला मनाई आहे. गावातल्या माणसाला मोपेड परवडते. सिक्लोत बसतात ते पर्यटक. युद्ध संपल्यावर, १९७५ नंतर, हरलेल्या बाजूच्या कित्येक शिकलेल्या माणसांनाही दुसरं काम मिळेना, तेव्हा त्यांनी सिक्लो चालवली. काकांच्या वडिलांनीही चालवली. मुलगा मात्र दा नांगला हॉटेलात नोकरी करतो. "तो चालवणार नाही," काका म्हणाले, आणि हसले. ते हसणं दुःखाचं नव्हतं.

इकडे आल्यावर, ऑगस्ट २०२५ मध्ये, सर्वोच्च न्यायालयानं माथेरानच्या हातरिक्षा सहा महिन्यांत बंद करायला सांगितल्या आणि ओढणाऱ्यांना ई-रिक्षाचं काम द्या, असंही म्हटलं. बातमी वाचून वहिनींचा फोन आला, "बघ, मी काय म्हणत होते!" मग थोड्या वेळानं म्हणाल्या, "पण दुसरं काम आधी द्यायचं, मग बंद करायचं. नाहीतर तो काका रिकामा घरी जाणार." मला वाटतं, दोन्ही वाक्यं एकत्र ठेवली तरच खरी होतात.

खायचं काय?

आता पहिल्या प्रश्नाचं उत्तर. ह्वे बौद्ध गाव आहे. चांद्र महिन्याच्या पहिल्या दिवशी आणि पौर्णिमेला पुष्कळ घरी मांस-मासे वर्ज्य. त्यामुळे शाकाहारी खाणावळी भरपूर. पाटीवर 'चाय' असं दिसलं की शिरायचं. कारण तिथं 'चाय' म्हणजे चहा नव्हे, शाकाहार! आणि दुकानात 'चे' मिळतं, तेही ह्वेत चहा नव्हे. ते गोड. मूग, कमळाचे दाणे, नारळाचं दूध घातलेली पातळ खीरच म्हणा. हवी तर बर्फ घालून.

ह्वेच्या फराळाच्या पदार्थांत तांदळाचं पीठच राज्य करतं. 'बान्ह बेओ' म्हणजे बशीएवढ्या वाटीत उकडलेली पातळ चकती. 'बान्ह नाम' तर केळीच्या पानात, थेट आपल्या पानगीची बहीण. 'बान्ह खोआय' म्हणजे कुरकुरीत धिरडं. मात्र या सगळ्यांत कोळंबी किंवा डुकराचं मांस असतं, तेव्हा 'चाय' हा शब्द आधी. गावाचा प्रसिद्ध 'बुन बो' हा शेवयांचा रस्सा गोमांसाचा असतो. मासे खाणाऱ्यांनी 'कॉम हेन' खावं. नदीतल्या बारीक शिंपल्या आणि भात, गरिबाचं जेवण. आपल्या कोकणातल्या तिसऱ्या आठवतात.

दुपारी ठरल्याप्रमाणे काका आणि त्यांचा मित्र आमच्याबरोबर जेवले. वहिनींनी पिशवीतून शेंगदाण्याची चटणी काढली. काकांनी ती भातावर घेतली, मग दुसऱ्यांदा घेतली. तिथं तीळ-शेंगदाण्याची 'मे सुंग' नावाची वडी फार खातात, त्यामुळे शेंगदाणा काही परका नव्हता.

जेवणानंतर डोंग बा बाजार. १८९९ पासून तो नदीकाठच्या या जागेवर आहे. शेकडो गाळे आणि गल्ल्यावर बहुतेक सगळीकडे बाई. माशांवर सुरी चालवणारी बाई, हिशेब करणारी बाई, गाळ्यातच नातवाला झोपवणारी बाई. इथं ताडपत्रांची टोपी घ्या, तिला 'नोन ला' म्हणतात. ह्वेची खासियत म्हणजे उन्हात धरली की पानांच्या दोन थरांमधली चित्रं आणि कवितेच्या ओळी दिसतात. किंमत विचारली की ओ कॅलक्युलेटर पुढे करते. घासाघीस हसत करायची, हे काही तुम्हाला सांगायला नको.

आकाशातल्या आजीचं देऊळ

शेवटी नदीकाठच्या किम लाँग रस्त्यानं चार किलोमीटर थिएन मू. इथं एक म्हातारी दिसायची आणि सांगायची, 'या टेकडीवर कुणी मोठा राजा देऊळ बांधेल आणि मुलूख भरभराटेल.' ते ऐकून १६०१ मध्ये इथल्या सरदारानं देऊळ बांधलं आणि तिचंच नाव दिलं. थिएन मू म्हणजे स्वर्गातली माता. समोरचा अष्टकोनी सात मजली मनोरा १८४४ चा, एकवीस मीटर उंच. मागच्या बाजूला एक जुनी निळी मोटार ठेवली आहे. ११ जून १९६३ ला थिक क्वांग डुक हे वृद्ध भिक्षू याच गाडीतून सायगावच्या चौकात उतरले आणि बौद्धांवरच्या जुलुमाच्या निषेधार्थ त्यांनी स्वतःला पेटवून घेतलं. ठिणगी महिनाभर आधी ह्वेतच पडली होती. बुद्धजयंतीला बौद्ध ध्वज लावायला बंदी केली आणि जमलेल्या लोकांवर गोळीबार झाला. त्या गाडीसमोर कुणी मोठ्यानं बोलत नाही.

परतताना वहिनी सिक्लोत सारख्या मागे वळून पाहत होत्या. कारण विचारलं तर म्हणाल्या, "तो मागे असतो ना, दमलाय का ते दिसतच नाही."

जाणार असाल तर

व्हिसा घरबसल्या ऑनलाइन मिळतो. हनोई आणि हो ची मिन्ह सिटीला भारतातून थेट विमानं आहेत. हनोईहून ह्वेला रात्रीची आगगाडी तेरा-चौदा तास घेते. दा नांगहून आलात तर तीन तासांच्या प्रवासात समुद्र आणि हाय वान घाट दिसतो, खिडकी समुद्राच्या बाजूची मागा. फेब्रुवारी ते एप्रिल हवा बरी. सप्टेंबर ते डिसेंबर पाऊस आणि पूर. २०२५ च्या ऑक्टोबरअखेरीस तर सगळं गाव पाण्यात होतं. टीव्हीवर पाहून आम्ही दोघींनी काकांची चौकशी केली. उत्तर आलं, "सिक्लो वरच्या मजल्यावर नेली." नवं घर पक्कं होतं, हे बरंच झालं.

पायात बंद चपला, डोक्यावर टोपी, देवळात खांदे-गुडघे झाकलेले. भाव आधी लिहून ठरवा. पाण्याची एक बाटली जास्त घ्या, ती मागच्यासाठी. आणि चढ आला की उतरा. गुडघे दुखत असले, तरी तेवढं चालवतं.